उष्णतेची सांठवण : पाणी, धोंडा, वाळू आणि जमीन

मिरची, हळद, आलें, बेदाणा किंवा पावसाळी मका वाळविणाऱ्या प्रत्येक शेतकऱ्यास एक अडचण चांगली ठाऊक आहे. दिवसभर ऊन असतें, माल सुकत येतो, आणि सूर्य मावळतांच काम थांबतें. नुसतें थांबतें एवढेंच नव्हे. रात्रीं हवा दमट झाली म्हणजे वाळत आलेला माल त्या हवेंतील ओल पुन्हां शोषून घेतो, आणि दिवसाच्या कमाईचा कांहीं भाग रात्रीं परत जातो. अशा अर्धवट ओलसर मिरचीस व भुईमुगाच्या शेंगांस बुरशी धरते, त्या बुरशीपासून अफ्लाटॉक्सिन नांवाचें विष मालांत उतरतें, आणि तपासणींत तें सांपडलें कीं खरेदीदार सबंध गाडी परत लावतो. दुपारीं उष्णता इतकी असते कीं तिचें काय करावें हें समजत नाहीं, व पहाटे तीच थोडी असती तर माल वांचला असता. तेव्हां दुपारची उष्णता धरून ठेवून रात्रीं वापरतां येईल काय, हा प्रश्न आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांच्या मनांत येत असलाच पाहिजे.

येईल, असें त्याचें उत्तर आहे. परंतु किती, कशांत व कोणत्या खर्चानें, हें ज्यानें आधीं कागदावर मांडून पाहिलें नाहीं तो फसण्याचा संभव फार. वाळवणीचीं यंत्रें विकणारे कांहीं लोक पेटीच्या तळाशीं दोन पाट्या खडी पसरून ‘रात्रींही चालणारें यंत्र’ म्हणून तें शेतकऱ्याच्या गळ्यांत बांधतात. त्या दोन पाट्या खडीचा हिशेब आम्ही पुढें देणार आहों. त्याआधीं उष्णता सांठविण्याचें मर्म काय तें पाहूं.

उष्णता सांठविण्याच्या रीती तीन. एक पदार्थ नुसता तापवून ठेवणें. दुसरी मेणासारखा पदार्थ वितळवून ठेवणें. तिसरी रासायनिक क्रियेनें. शेवटच्या दोन रीती अजून शेतकऱ्याच्या खर्चाच्या आटोक्यांत फारशा आलेल्या नाहींत, म्हणून त्या येथें सोडून देतों. पहिल्या रीतींत पदार्थ न वितळतां, न उकळतां, केवळ ऊन होतो. हात लावला कीं ती उष्णता कळते. म्हणून शास्त्रज्ञ तिला संवेद्य, म्हणजे जाणवणारी, उष्णता म्हणतात. ही कांहीं नवी विद्या नव्हे. भडभुंजा कढईंतील वाळू तापवितो आणि त्या वाळूंत हरभरे टाकून क्षणांत फुटाणे करतो. वाळूनें जाळाची उष्णता आपल्या पोटांत घेतलेली असते व ती प्रत्येक दाण्याला सर्व बाजूंनीं सारखी देते. गुडघ्यास विटेचा शेक घेणारी म्हातारी हेंच करते. आंघोळीच्या बंबांत रात्रींचें उरलेलें पाणी सकाळीं कोमट लागतें, तेंही हेंच.

आतां कोणत्या पदार्थांत किती उष्णता मावते? एक किलो पाणी एक अंशानें तापविण्यास जितकी उष्णता लागते तिला आपण एक उष्णांक म्हणूं. तेवढ्याच वजनाचा काळा दगड एक अंश तापविण्यास सुमारें एक-पंचमांश उष्णांक पुरतो. विटा, कोरडी वाळू, कोरडी माती हींही साधारण याच पंक्तीस बसतात. लोखंडास तर एक-नवमांशच लागतो. म्हणजे जें लवकर तापतें तें थोडेंच सांठवितें, व जें तापण्यास वेळ लावतें तें पुष्कळ सांठवितें. वजनास वजन घेतलें तर पाण्याच्या जवळपास येणारा दुसरा स्वस्त पदार्थ नाहीं.

परंतु जागेचा विचार केला तर गोष्ट थोडी बदलते. एक घनमीटर पाणी एक अंशाला १००० उष्णांक घेतें. तेवढेंच भरीव लोखंड सुमारें ८६०, भरीव काळा दगड सुमारें ५८०, आणि खडीचा किंवा कोरड्या वाळूचा ढीग ३०० च्या आसपास, कारण ढिगांत पोकळी असते. मग लोक पाणी सोडून दगडाकडे कां जातात? कारण पाणी १०० अंशांवर उकळून जातें, गळतें, लोखंड गंजवितें आणि आपल्याकडील विहिरींच्या क्षारयुक्त पाण्यानें नळ्यांना आंतून पुटें चढतात. दगड ५०० अंश तापला तरी दगडच राहतो, व त्यांतून हवा सरळ फिरवितां येते.

विजेच्या एका युनिटांत ८६० उष्णांक असतात, हा आंकडा ध्यानांत ठेवावा. एक हजार लिटर पाणी २५ अंशांवरून ६५ अंशांवर नेलें तर त्यांत ४० हजार उष्णांक, म्हणजे ४६ युनिटांहून थोडी अधिक, उष्णता सांठली. तितकी उष्णता सुमारें ११ किलो वाळलेल्या लांकडांत असते. पण साध्या चुलीवर लांकडांतील फार तर सहावा-सातवा हिस्साच भांड्यांत उतरतो, म्हणून प्रत्यक्षांत ७० किलोंच्या घरांत सरपण जळेल. ज्यांच्या गोठ्यावर दूध काढण्याचीं यंत्रें व किटल्या रोज ऊन पाण्यानें धुवाव्या लागतात, त्यांना छपरावरील सूर्यबंब लाभतो तो याच कारणानें. त्या टाकीसंबंधीं एकच सूचना करतों. ऊन पाणी हलकें म्हणून वर राहतें व थंड पाणी खालीं बसतें. हा थर मोडूं देऊं नये. वापराचें पाणी वरून घ्यावें, नवें पाणी तळाशीं व सावकाश सोडावें. टाकींत पाणी धो धो ओतून सगळें ढवळलें तर उष्णता तेवढीच राहते, पण ६० अंशांचें अर्धी टाकी पाणी मिळण्याऐवजीं ४० अंशांचें भरून टाकी मिळतें, आणि त्यानें किटलीची चरबी निघत नाहीं.

उष्णता आंत घालणें सोपें आहे. ती आंत राखणें कठीण. ज्याप्रमाणें तलावांत पाणी किती आलें यापेक्षां पाझरून किती गेलें यावर उन्हाळ्याचें सुख अवलंबून असतें, त्याप्रमाणेंच येथेंही आहे. उष्णता निघून जाते ती सांठ्याच्या अंगावरून, म्हणजे पृष्ठभागावरून. एक मीटर लांब, रुंद व उंच टाकी घेतली तर तिच्या पोटांत एक घनमीटर आणि अंग ६ चौरस मीटर. तीच दहा मीटरांची केली तर पोटांत १००० घनमीटर व अंग ६०० चौरस मीटर. म्हणजे दर घनमीटराला अवघें ०.६. दोहोंवर सारखेंच पांघरूण घातलें तर लहान टाकी जें एका दिवसांत गमावते तें गमावण्यास मोठीला दहा दिवस लागतात. तांब्यांतला चहा गार होतो आणि हंड्यांतला ऊन राहतो, त्याचें कारण हेंच. म्हणून लहान सांठा एका रात्रीपुरता समजावा. ऋतुपालट होईपर्यंत उष्णता टिकवावयाची असेल तर सांठा अवाढव्यच पाहिजे.

अवाढव्य म्हणजे किती, याचें उदाहरण डेन्मार्क देशांत आहे. तेथील वोयन्स या गांवीं २०१५ सालीं वाळूच्या एका जुन्या खाणींत २ लाख घनमीटर पाण्याचा खड्डा केला. आपल्याकडील ३० मीटर चौरस व ३ मीटर खोल शेततळ्यांत सुमारें २२ लाख लिटर पाणी मावतें. अशीं नव्वद शेततळीं एकत्र केलीं म्हणजे तो खड्डा होईल. रचनाही शेततळ्यासारखीच, उतरत्या बाजू व प्लॅस्टिकचें अस्तर. फरक इतकाच कीं वर तरंगतें जाड उष्णतारोधक झांकण आहे. शेजारीं ७० हजार चौरस मीटर सूर्यतापक मांडून उन्हाळ्यांत पाणी तापवावयाचें व तेंच हिवाळ्यांत नळांनीं सुमारें दोन हजार घरांस द्यावयाचें, अशी ती योजना. भिंती नाहींत, लोखंडी टाकी नाहीं. भोंवतालची जमीनच भिंतीचें काम करते.

कॅनडांतील ओकोटोक्स येथें याहून पुढची गोष्ट झाली. तेथें पाण्याऐवजीं जमीनच तापविली. २००७ मध्यें सुरू झालेल्या त्या वसाहतींत ५२ घरें होतीं. ३५ मीटर खोलीचीं १४४ विंधणें पाडून त्यांत नळ्या सोडल्या, आणि उन्हाळ्यांत गॅरेजांच्या छपरांवर तापलेलें पाणी त्यांतून फिरवून खालची माती व खडक ८० अंशांच्या आसपास नेण्यांत आला. पहिलीं कांहीं वर्षें जमीन तापविण्यांतच गेलीं. पुढें २०१५-१६ च्या हिवाळ्यांत, बाहेर बर्फ पडत असतां, त्या घरांची ऊब संपूर्णपणें सूर्याच्या सांठ्यांतून भागली. तथापि २०२४ सालीं ही योजना बंद करण्यांत आली. जमीन थकली नव्हती. नळ्या, झडपा व तापक जुने झाले आणि त्यांची दुरुस्ती परवडेनाशी झाली. उष्णतेचा सांठा ज्या मातींत असतो ती फुकट असते, खर्च सगळा तिच्यांत उष्णता घालणाऱ्या व काढणाऱ्या साधनांचा असतो, हें कोणत्याही विक्रेत्याशीं बोलतांना विसरूं नये.

जेथें उष्णता फार प्रखर लागते तेथें पाण्याचें काम संपतें. पोलादाच्या कारखान्यांत भट्टीस ऊन वारा देण्यासाठीं विटांचे मनोरे आळीपाळीनें तापवून त्यांतून हवा फुंकतात. ही युक्ति कौपर नांवाच्या इंग्रज एंजिनियरानें १८५७ सालीं काढली व ती आजही चालू आहे. स्पेनच्या ग्रानादा प्रांतांत २००९ मध्यें सुरू झालेल्या आंदासोल वीजकेंद्रांत २८,५०० टन वितळलेलें मीठ तापवून ठेवतात आणि सूर्यास्तानंतर साडेसात तास त्यावर वीज काढतात. हें मीठ आपल्या ओळखीचें आहे. त्यांत शेंकडा ४० पोटॅशियम नायट्रेट असतें, म्हणजे ठिबकांतून आपण १३-०-४५ म्हणून जें द्राक्षांस देतों तेंच. बाकीचें सोडियम नायट्रेट. तें सदैव वितळलेल्या स्थितींतच ठेवतात. एकदां का नळींत थिजलें कीं सगळें अडलें. आपल्या देशांत अबू रोड येथें ब्रह्माकुमारी संस्थेनें ७७० मोठ्या आरशांच्या थाळ्या उभारून प्रत्येकीच्या समोर ओतीव लोखंडाचा गोळा ठेविला आहे. दिवसा तो तापतो व त्यावर वाफ करून रात्रींही एक मेगावॅटचें जनित्र चालवितां येतें.

फिनलंडांतील कांकानपा गांवीं २०२२ सालीं वाळूचें कोठार बांधलें, त्याची बातमी आपल्याकडील वर्तमानपत्रांतही आली होती. ४ मीटर रुंद, ७ मीटर उंच, आंत १०० टन वाळू, ती ५०० ते ६०० अंशांपर्यंत तापवावयाची, आणि सांठा ८ हजार युनिटांचा. आमची उमर महसुली दप्तरांत आंकडे जुळविण्यांत गेली, त्यामुळें अशी हकीकत वाचली कीं आधीं बेरीज तपासण्याची खोड लागली आहे. १०० टन वाळू एक अंशाला २० हजार उष्णांक घेते. ८ हजार युनिटांचे उष्णांक होतात ६८ लक्ष ८० हजार. भागिलें असतां ३४४ अंशांचा चढउतार येतो. म्हणजे सांगणाऱ्यानें खोटें सांगितलेलें नाहीं. त्याच देशांत पोर्नाइनेन येथें २०२५ मध्यें याहून बरेंच मोठें कोठार झालें, त्यांत वाळूऐवजीं २ हजार टन दगडाचा चुरा भरला आहे. हीं कोठारें स्वस्त विजेच्या वेळीं विजेनें तापवितात व त्यांतील ऊब गांवच्या घरांना देतात; त्यांतून वीज परत काढीत नाहींत. हें करण्यांत शहाणपणा आहे, कारण उष्णतेची पुन्हां वीज करूं गेलें कीं निम्म्याहून अधिक भाग वाटेंत जातो. ज्या कामास ऊब हवी त्याला ऊबच द्यावी.

आतां आपल्या वाळवणीकडे येऊं. आपल्याला ५०० अंश नकोत, ४० ते ६० अंश पुरे. रात्रींची हवा २० अंशांची असून तिच्यांत दमटपणा शेंकडा ८० असला, तर तीच हवा नुसती ४० अंशांपर्यंत तापविली कीं दमटपणा शेंकडा २५ वर येतो. ओल तेवढीच राहते, पण हवेची तहान वाढते. म्हणजे रात्रीं माल ओल शोषणार नाहीं, उलट थोडाबहुत वाळत राहील.

समजा, मिरचीच्या एका वाफ्यांतून रात्रभरांत १० किलो पाणी काढावयाचें आहे. एक किलो पाण्याची वाफ होण्यास अशा उबेंत सुमारें ५७० उष्णांक लागतात. दहा किलोंस ५,७००. यंत्राच्या भिंतींतून व बाहेर जाणाऱ्या हवेंतून निम्मी उष्णता वाया जाते असें धरलें, आणि तें धरणें उदारपणाचें नव्हे, तर साडेअकरा हजार उष्णांकांची तरतूद पाहिजे. खडी दिवसा ६५ अंशांवर गेली व ४० अंशांवर येईपर्यंत तिचा उपयोग झाला, म्हणजे २५ अंशांचा उतार मिळाला. दर किलो खडीमागें पांच उष्णांक. तेव्हां २,३०० किलो खडी हवी. हिचें माप दीड घनमीटर, म्हणजे अर्ध्या ब्रासाहून किंचित अधिक. आतां त्या विक्रेत्याच्या दोन पाट्या आठवा. त्यांत फार तर ४० किलो खडी असेल. तिच्यापासून २०० उष्णांक मिळतील, आणि रात्रभरांत त्या पावशेर पाणीही उडवूं शकणार नाहींत. ती खडी शोभेची आहे.

हिशेब येथेंच संपत नाहीं. खडी उष्णता निर्माण करीत नाहीं. ती दिवसा कोणी तरी तिच्यांत घालावी लागते. दख्खनच्या निरभ्र दिवशीं एक चौरस मीटरावर साधारण साडेपांच युनिटें, म्हणजे ४,७०० उष्णांक, सूर्यापासून पडतात. हवा तापविणाऱ्या साध्या कांचपेटीनें त्यांतील शेंकडा ३५ ते ४० धरले तर चांगलें काम झालें म्हणावें. म्हणजे रात्रींच्या साडेअकरा हजारांसाठीं जवळजवळ ७ चौरस मीटर कांच लागेल, आणि ती दिवसाच्या वाळवणीस लागणाऱ्या कांचेखेरीज जादा. ज्या यंत्राला रात्रींच्या नांवानें जादा कांच नाहीं, तें दिवसाचीच उष्णता चोरून रात्रीं दाखवीत असतें. एकूण वाळलेल्या मालांत वाढ होत नाहीं.

ज्यांस ही गोष्ट करून पाहावयाची असेल त्यांनीं खडी लिंबाएवढी, सारख्या आकाराची व घट्ट काळ्या दगडाची घ्यावी. मुरुमाड दगड तापून-निवून भुगा होतो. बारीक चुरा असेल तर तो पोकळ्या बुजवितो व पंख्यास हवा ओढवत नाहीं. म्हणून खडी धुऊन, कडक वाळवून मगच भरावी. ऊन हवा दिवसा वरच्या तोंडानें घालून खालून काढावी, म्हणजे वरचा थर पुरा तापतो, मग त्याखालचा. रात्रीं उलट करावें, थंड हवा खालून आंत, व ती वरच्या सर्वांत ऊन थरांतून बाहेर. दिवस व रात्र दोन्ही वेळां हवा एकाच दिशेनें फिरविली तर वरची उष्णता खालच्या थंड खडींत सांडून जाते व सुरुवातीचे कित्येक तास कोमट हवाच हातीं येते. पुष्कळ ठिकाणीं खडीचे हौद निकामी ठरले ते एवढ्याशा चुकीनें.

हौद जोत्यावर असावा. भिंतीच्या दुहेरी विटांमध्यें भाताचें कोरडें तूस दाबून भरलें तर चांगलें पांघरूण होतें. परंतु तें एकदां भिजलें कीं पांघरूण न राहतां चिंब पोतें होतें, म्हणून पावसाळ्यापूर्वीं वरचें झांकण व गिलावा पाहून घ्यावा. दोन्ही तोंडांस बारीक जाळी हवीच. ऊबदार, कोरडी व अंधारी जागा उंदरांस आपल्याइतकीच आवडते. खडी दमट राहिली तर तिला कुबट वास येतो व तो मालांत उतरतो. पंखा चालविण्यास वीज लागते, हें तर उघडच आहे, आणि ज्यांच्याकडे रात्रीं वीज राहत नाहीं त्यांनीं आधीं तिची सोय पाहावी.

पाण्याचा सांठा केला तर तेवढ्याच २५ अंशांच्या उतारास खडीच्या २,३०० किलोंऐवजीं ४६० लिटर पाणी पुरतें. टाकी लहान, भार कमी. पण पाण्यांतील ऊब हवेंत आणण्यास नळ्यांचें जाळें लागतें, आणि क्षारांचा त्रास वर सांगितलाच आहे. ज्यांच्याकडे गोठ्यासाठीं सूर्यबंब आधींच आहे त्यांनीं पाण्याचा विचार करावा. नव्यानें बांधणाऱ्यास, खडी जवळ मिळत असेल तर, आमच्या मतें खडीच बरी.

भिंतीच्या रूपानें उष्णता सांठविण्याची विद्या परदेशच्या बागाइतदारांनीं फार पुढें नेली आहे. पॅरिसच्या पूर्वेस माँत्रेय येथें सतराव्या शतकापासून शेतांत उंच भिंती बांधून त्यांवर पीचचीं झाडें पसरवून बांधीत असत. दिवसा तापलेली भिंत रात्रीं झाडास ऊब देई आणि त्या थंड हवेंतही फळ पिके. एकोणिसाव्या शतकांत अशा भिंतींची लांबी सुमारें ६०० किलोमीटर झाली होती. चीनच्या शानदोंग प्रांतांत शौग्वांग भागांत १९८९ पासून जीं हरितगृहें पसरलीं त्यांचें रहस्यही तेंच. उत्तरेच्या अंगास मातीची जाड भिंत, दक्षिणेस प्लॅस्टिक, आणि संध्याकाळ होतांच प्लॅस्टिकवर गवताच्या चटया सोडावयाच्या. बाहेर पाणी गोठत असतां आंत कोळसा न जाळतां काकडी येते. आपल्याकडे भिंत बांधून फळें पिकविण्याची गरज नाहीं. पण आपल्याकडील सर्वांत मोठी भिंत आडवी पडलेली आहे, ती म्हणजे शेतजमीन.

निफाडकडील द्राक्षबागाइतदारांस हें समजावून सांगावयास नको. तेथें कित्येक हिवाळ्यांत पारा ५ अंशांच्या खालीं उतरलेला आहे, आणि त्या रात्रीं बागांत शेकोट्या पेटवितात व विहिरीचें पाणी सोडतात. पाणी सोडण्याचा आधार पक्का आहे. खोल विहिरीचें पाणी वर्षभर जवळजवळ सारख्याच उष्णतेचें, आपल्याकडे २४-२५ अंशांचें, असतें. कारण कांहीं मीटर खालची जमीन उन्हाळा-हिवाळ्याचा मध्य धरून बसलेली असते. म्हणूनच तें हिवाळ्यांत वाफाळतें व उन्हाळ्यांत गार लागतें. एक एकरास २० मिलिमीटर पाणी दिलें म्हणजे ८१ हजार लिटर झालें. तें २४ अंशांवरून १० अंशांवर येईपर्यंत ११ लाखांहून अधिक उष्णांक बागेंत सोडील. सव्वातीनशें किलो लांकूड जाळल्याइतकी ही उष्णता आहे, आणि ती धुरांतून वर न जातां मुळापाशीं सुटते. ठिबकानें दहा हजार लिटरच दिलें तर अर्थात् लाभही आठव्या हिश्श्याचा. शेततळ्यांतील पाणी मात्र उघड्यावर रात्रभर निवालेलें असतें. विहीर असतां थंडीच्या रात्रीं तें वापरणें म्हणजे भरलेली पेटी सोडून रिकामी उघडणें होय.

याहूनही अधिक उपयोग जमिनीला दिवसा ऊन घेऊं देण्याचा आहे. कोरड्या, भुसभुशीत मातींत हवेच्या पोकळ्या असतात. ती वरवर चटकन तापते, पण उष्णता खालीं जाऊं देत नाहीं. तीच माती ओली व दबलेली असेल तर घनमीटरास ३०० ऐवजीं साडेपांचशें उष्णांकांच्या घरांत उष्णता घेते आणि ती खोलपर्यंत पोंचवून रात्रीं परत देते. म्हणून थंडीच्या लाटेचा इशारा मिळाला कीं एक-दोन दिवस आधींच जमीन वीतभर खोल भिजवावी, त्या दिवसांत कोळपणी करूं नये, आणि ओळींमधील पाचट किंवा गवत बाजूला ओढून ऊन थेट मातीवर पडूं द्यावें. पाचटानें एरव्हीं ओल टिकते हें खरें, परंतु तेंच पांघरूण थंडीच्या दिवसांत जमिनीस दिवसा तापूं देत नाहीं आणि रात्रीं तिची ऊब वेलीपर्यंत येऊं देत नाहीं.

शेकोटीविषयीं समज असा कीं धुरानें बाग वांचते. धूर जमिनीची ऊब फारशी अडवीत नाहीं. काम करते ती आगीची उष्णता. ओला पाला घालून नुसता धूर करण्यापेक्षां कोरडें सरपण जाळावें, आणि एक मोठी होळी न करतां बागभर लहान लहान शेकोट्या कराव्यात. मोठ्या आगीची ऊन हवा सरळ वर निघून जाते व तिच्या जागीं बाजूची गार हवा खेंचली जाते. लाट ओसरल्यावर पाचट पुन्हां जागच्या जागीं पसरून घ्यावें, कारण पुढें मार्चचें ऊन याच उघड्या जमिनीची ओल पाहतां पाहतां पिऊन टाकतें.